कढईतला चीक आणि पातेल्यातले पुडिंग

सुमारे वीस वर्षांपूर्वीची गोष्ट आहे. दक्षिणेकडील एका रुग्णालयात आम्ही संध्याकाळच्या पाळीवर होतो. आपल्याच समाजातल्या एक वृद्ध आजीबाई वॉर्डात दाखल झाल्या होत्या. मूळच्या रेवदंड्याकडच्या. अर्धांगाचा झटका येऊन गेलेला, उजवी बाजू लुळी, बोलणे जड पण समजण्याइतके. मोठी अडचण गिळण्याची. साधे पाणी प्यायल्या तरी ते श्वासनलिकेत जाई आणि ठसका लागे. अशा रोग्याला चहा, पाणी, औषध, सारे काही घट्ट करून चमच्याने द्यावे लागते. गोळ्या कुटून चॉकलेट पुडिंगच्या कपात कालवायच्या आणि भरवायच्या अशी वॉर्डातली रीत होती. रोगी ते आवडीने खात आणि आमचेही काम सोपे होई.

आजीबाईंनी मात्र तोंड घट्ट मिटून घेतले. दुपारी लेकीने घरून कोंबडीचे सूप गाळून, दाट करून आणले होते. "दुपारी बसारी खाल्लंय. आता हे दुधाचं कसं घेऊ, पोरी?" एवढेच त्या म्हणाल्या. आजारात सूट असते, जीव वाचवण्यासाठी धर्मही मोकळीक देतो, हे आम्ही सांगितले, डॉक्टरांनी सांगितले, लेकीनेही विनवले. "जीव जायची वेळ आली की सांगा," असे म्हणून त्यांनी मान भिंतीकडे वळवली. रक्तदाबाची गोळी त्या संध्याकाळी राहिली ती राहिलीच. दुसऱ्या दिवशीही तोच प्रकार.

रात्री घरी परतताना बसमध्ये आमच्या मनात आले की, या आजीबाईंनी जन्मभर चिकाचा हलवा ढवळला असेल. त्यात दुधाचा थेंब नसतो. मग दुधावाचून चॉकलेट पुडिंग का होऊ नये? पुढे काय झाले ते शेवटी सांगू. पण त्या निमित्ताने आम्हाला या पुडिंगची कुळकथा शोधण्याचा नाद लागला. निवृत्तीनंतर वेळही मिळाला. जे हाती आले ते आपल्यापुढे ठेवीत आहोत.

पुडिंग म्हणजे तरी काय? पिठूळ पदार्थातले सत्त्व, कोणतेतरी दूध, गोडी आणि विस्तव. सत्त्वाचे बारीक कण ओलाव्यात तापू लागले की फुगतात, पाणी धरून ठेवतात, आणि पातळ द्रव पळीला चिकटू लागतो. एवढाच व्यवहार. तो करायला आपल्या आजी-पणजींना कोणा साहेबाने शिकवले नव्हते. हाईम समुएल केहिमकर यांनी आपल्या समाजाचा जो इतिहास १८९७ च्या सुमारास लिहून पूर्ण केला आणि जो पुढे १९३७ साली तेल अवीवमध्ये छापला गेला, त्यात जुन्या सणांची नावे दिली आहेत. नव्याचा सण, दरफाळणीचा सण, अनशी ढाकाचा सण, आणि त्यांत एक खिरीचा सण. तिश्रीच्या चौथ्या दिवशी नव्या धान्याची, नारळाचे दूध आणि गोडी घातलेली खीर करीत. ज्या समाजाने खिरीच्या नावाने सण ओळखला त्याला पुडिंग परके वाटण्याचे कारण नाही.

आणि चिकाचा हलवा! त्याबद्दल इथे थोडे थांबल्यावाचून आम्हाला पुढे जाववत नाही. गहू दोन-तीन दिवस भिजत घालायचे, रोज पाणी बदलायचे, मग पाट्यावर वाटायचे. वाटलेला गोळा पाण्यात कोळून फडक्यातून पिळायचा. ते पांढरे पाणी रात्रभर निवळू द्यायचे. सकाळी वरचे पाणी ओतून टाकले की तळाशी चीक बसलेला असतो, बोट लावले तर खडूसारखा करकरतो. तो नारळाच्या दुधात आणि साखरेत कालवून मोठ्या कढईत चढवायचा आणि ढवळायला बसायचे. पहिला अर्धा तास काहीच होत नाही. मग एकाएकी उलथन्याला जडपणा येतो, आणि त्यानंतर हात थांबवायची सोय नाही. आमच्या घरी आई, मोठी काकू आणि आम्ही दोघी बहिणी आळीपाळीने बसत असू. काकू कढईच्या कडांवरून नजर हलवीत नसे. कडा सुटू लागल्या, तूप न घालताही नारळाचे तेल चमकू लागले, की वेलची, बदाम, पिस्ते घालून थाळ्यांत ओतायचे. हलव्याला ऊन येऊ नये, दृष्ट लागू नये म्हणून थाळ्या झाकून ठेवल्या जात. मुलांचे हात लागू नयेत हे त्यातले खरे कारण असावे.

नारळाचेच दूध का, हे आपल्या वाचकांना सांगणे न लगे. सणाच्या जेवणात मटण असते, आणि मटणापाठोपाठ गाईम्हशीचे दूध चालत नाही. कोकणात नारळ दारात. तेव्हा धर्माची अट आणि परसातले झाड यांची गाठ पडून आपली गोडाची सारी परंपरा उभी राहिली आहे.

आता युरोपात काय चालले होते ते पाहू. तिथे मध्ययुगापासून ब्लांमांज नावाचा पांढरा पदार्थ श्रीमंतांच्या ताटात असे. आश्चर्य असे की, त्यात बदामाचे दूध आणि तांदूळ यांबरोबर कोंबडीचे मांस घालीत. तुर्कस्तानात कोंबडीच्या मांसाचे तंतू घातलेली गोड खीर आजही मिळते. हळूहळू युरोपीय ब्लांमांजमधून कोंबडी गेली, दूध आले, आणि एकोणिसाव्या शतकात तो आजाऱ्याचा आणि लहान मुलांचा पदार्थ होऊन बसला. दाटपणासाठी आरारूट वापरीत. आपल्याकडेही तापातून उठलेल्या मुलाला आरारुटाची लापशी देत, तो याच काळाचा वारसा.

परिचारिकेच्या दृष्टीने इथे एक गोष्ट नोंदवण्याजोगी आहे. फ्लोरेन्स नाइटिंगेल यांचे शुश्रूषेवरील प्रसिद्ध पुस्तक १८५९ सालचे. त्यात त्यांनी आरारुटावर भिस्त ठेवणाऱ्या परिचारिकांना चांगलेच फटकारले आहे. आरारूट म्हणजे नुसते सत्त्व आणि पाणी, त्याने रोग्याचे पोषण होत नाही, असे त्यांचे म्हणणे. ते खरेच आहे. सत्त्वाने दाटपणा येतो, बळ येते ते त्यात घातलेल्या दुधाने. पुढे आम्ही जे केले त्यात हा दोष होता हे प्रामाणिकपणे सांगतो. नारळाच्या दुधात स्निग्धांश भरपूर, पण प्रथिने थोडी. पण आमच्यापुढे त्या दिवशी पोषणापेक्षा गोळी पोटात जाण्याचा प्रश्न होता.

त्याच शतकात दोन शोध लागले. बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्ड नावाच्या औषधविक्रेत्याच्या पत्नीला अंडे सोसत नसे आणि कस्टर्ड तर आवडे. तेव्हा १८३७ साली त्याने अंड्याऐवजी मक्याच्या सत्त्वावर दाट होणारी पूड तयार केली. कस्टर्ड पावडर ती हीच. बायकोच्या पथ्यासाठी केलेला पदार्थ जगभर गेला, हे आम्हाला फार आवडते. दुसरा शोध अमेरिकेतला. टॉमस किंग्जफर्ड याने १८४२ साली मक्यापासून शुद्ध सत्त्व वेगळे काढले. पण खाण्यासाठी नव्हे! कपड्यांना खळ करण्यासाठी. कॉर्नफ्लोरचा पहिला धंदा धोब्याच्या घरचा. स्कॉटलंडमधील पेझली हे शालींचे गाव. तिथल्या ब्राउन आणि पोलसन यांचा व्यवसायही आधी कापडाचा आणि खळीचा, आणि १८५४ साली त्यांनी खाण्याच्या कॉर्नफ्लोरचे पेटंट घेतले. मुंबईत शिकताना आम्ही आमच्या पांढऱ्या टोप्यांना खळ देत असू. इस्त्री फिरवल्यावर त्या अशा कडक होत की, मैत्रिणी म्हणत, वेळ आली तर यातच डाळ वाढून घेता येईल. टोपी ज्याने ताठ राहते त्यानेच पुडिंग थरथरते.

झाले दाटपणाचे. चॉकलेटचे काय? कोकोच्या बियांपासून पेय करणारे लोक मध्य अमेरिकेतले. स्पॅनिश लोकांनी ते युरोपात नेले, तिथेही ते दोन-तीनशे वर्षे पेयच होते. आणि या इतिहासात एक पान यहुदी लोकांचे आहे, ते आपल्यापैकी फार थोड्यांना ठाऊक असेल.

स्पेनने १४९२ साली यहुद्यांना हाकलले, पुढे पोर्तुगालमध्येही तेच झाले. त्यांच्यातली काही कुटुंबे फ्रान्सच्या नैर्ऋत्य कोपऱ्यात, बायोन शहरापाशी येऊन राहिली. प्रत्यक्ष शहरात त्यांना बिऱ्हाड करता येत नसे, म्हणून अदूर नदीच्या पलीकडे सँ-एस्प्री नावाच्या वस्तीत ती राहत. चॉकलेट करण्याची विद्या त्यांनी बरोबर आणली होती. सतराव्या शतकात हे कारागीर आपला दगड घेऊन नदी ओलांडत, गिऱ्हाइकाच्या घरी जात, आणि दगडाखाली निखारे ठेवून, गुडघ्यांवर बसून, भाजलेल्या बिया दगडी लाटण्याने वाटून देत. हे वर्णन वाचले तेव्हा आम्हाला आईचा पाटा-वरवंटा आठवला. फरक एवढाच की, आपला पाटा थंड, त्यांचा गरम.

पुढे काय झाले ते अंदाजाने कळण्यासारखे आहे. शहरातले लोक त्यांच्याकडून ही कला शिकले, आणि शिकल्यावर १७६१ साली बायोनच्या ख्रिस्ती चॉकलेटवाल्यांनी आपला संघ स्थापन करून यहुदी कारागिरांना धंद्यातून बाहेर काढण्याचा घाट घातला. ज्यांनी शिकवले त्यांनाच दार बंद! सँ-एस्प्रीच्या लोकांनी मुकाट्याने ऐकून घेतले नाही. प्रकरण बोर्दोच्या न्यायसभेपुढे गेले आणि १७६७ साली तो संघाचा मक्ता रद्द झाला. बायोन आजही चॉकलेटसाठी प्रसिद्ध आहे. आपल्या समाजालाही या देशात आल्यावर, तुम्ही पुरेसे यहुदी आहात काय, असे विचारले गेले होते, आणि १९६४ साली जेरुसलेममध्ये धरणे धरून आपल्या लोकांनी त्याचे उत्तर मिळवले. म्हणून बायोनची ही हकिकत आम्हाला दूरची वाटली नाही. पदार्थावर हक्क सांगणे आणि माणसांवर हक्क सांगणे यांत फारसे अंतर नसते.

पण त्या काळचे चॉकलेट पुडिंगच्या कामाचे नव्हते. कोकोच्या बीत निम्म्याहून अधिक स्निग्धांश असतो. ते दुधात घातले तर वर तेल तरंगे. ही अडचण आम्स्टरडॅमच्या व्हान हाउटेन घराण्याने सोडवली. १८२८ साली त्यांनी दाबयंत्राचे पेटंट घेतले. वाटलेला कोको यंत्रात दाबून बराचसा स्निग्धांश काढून टाकायचा आणि उरलेल्या ढेपेची पूड करायची. क्षार लावून ती पूड दुधात-पाण्यात सहज कालवता येईल अशीही त्यांनी केली. म्हणजे पाहा, १८२८ ची कोको पावडर आणि १८४२-५४ चे कॉर्नफ्लोर हे दोन डबे फळीवर शेजारी शेजारी आल्याशिवाय आजचे चॉकलेट पुडिंग जन्माला येणेच शक्य नव्हते. पदार्थ साधा, पण तसा फार जुना नाही. आपला चीक त्यापेक्षा कितीतरी वडील.

जर्मनीत बीलेफेल्ड गावी आउगुस्ट ओएटकर या औषधविक्रेत्याने १८९१ साली बेकिंग पावडर छोट्या पुड्यांत भरून विकायला सुरुवात केली, आणि त्याच दुकानातून पुडिंगच्याही पुड्या निघू लागल्या. हाही औषधविक्रेता आणि बर्डही औषधविक्रेता, यावरून पुडिंगचे आणि दवाखान्याचे नाते किती जुने ते दिसते. पुड्यांमुळे माप घेण्याचे काम गेले. ढवळण्याचे काम मात्र राहिले.

आमची या पदार्थाशी ओळख मुंबईतली. घरी कॉर्नफ्लोरचा डबा असे तो सूप दाट करण्यासाठी आणि कटलेट बांधण्यासाठी. १९५६ साली पुण्यात सुरू झालेल्या वेकफील्डची कस्टर्ड पावडर पाहुणे आले की निघे. कोको मात्र महाग, तो फक्त वाढदिवसाला. पुढे परिचारिकेच्या शिक्षणात आजाऱ्यांच्या आहाराचे प्रात्यक्षिक असे. जवाची पेज, अंड्याचे कस्टर्ड, आरारुटाची लापशी आणि कॉर्नफ्लोरचे ब्लांमांज, हे रॉकेलच्या स्टोवर करून दाखवावे लागे. परीक्षेच्या दिवशी आमच्या ब्लांमांजमध्ये गुठळ्या झाल्या. सिस्टरबाईंनी चमचा उलटा करून पाहिला, एक गुठळी फोडली, आतली कोरडी पांढरी पूड आम्हाला दाखवली आणि म्हणाल्या, "हे पोटात दुखणाऱ्या माणसाला देणार का तुम्ही?" ते वाक्य आम्ही विसरलो नाही. गरम दुधात कोरडी पूड टाकली की बाहेरचा थर लगेच फुगून कवच बनतो आणि आतली पूड कोरडीच राहते. म्हणून आधी थंड दुधात कालवायचे. हलव्याच्या वेळी काकूही चीक गार असतानाच कालवीत असे. कारण ठाऊक नव्हते, पण कृती बरोबर होती.

आम्ही १९७९ साली या देशात आलो. आमची मावशी पुष्कळ आधी, १९५४ मध्ये, आली होती. तेव्हा त्सेनाचा, म्हणजे रेशनिंगचा, काळ होता. तो १९४९ मध्ये सुरू झाला आणि १९५९ मध्ये संपला. दोव योसेफ हे सुरुवातीचे रेशनिंगचे मंत्री, आणि म्हातारी माणसे त्यांचे नाव अजून कुरकुरतच घेतात. अंडी, साखर, तेल, सारे कार्डावर. स्वयंपाक पतिलियावर, म्हणजे वातीच्या रॉकेल स्टोवर. आपल्या बायकांना त्याचे काही विशेष वाटले नाही, वातीचा स्टो त्या मुंबईहून ओळखत होत्या. उलट पोलंड-रुमानियाहून आलेल्या शेजारणींना वात कशी कापायची, काजळी कशी टाळायची हे आमच्या मावशीने शिकवले, असे ती मोठ्या अभिमानाने सांगे. दुधाची पूड कोमट पाण्यात फेसून, त्यात असेल ते सत्त्व आणि चमचाभर कोको घालून ती मुलांना देई. त्या वेळी रामात गानला एलिट कारखाना होता, लॅटव्हियाहून आलेल्या एलियाहू फ्रोमचेंको यांनी १९३३-३४ मध्ये उभारलेला. पण मावशीच्या गावापर्यंत चॉकलेट क्वचित पोचे.

शेजारी तुर्की आणि इराकी कुटुंबे होती. तुर्की बाई मलबी करीत. पूर्वी तांदळाच्या पिठाची, आता बहुधा कॉर्नफ्लोरचीच, वर गुलाबपाणी आणि लाल पाक. मावशीने ती चाखली आणि म्हणाली, ही तर आपली खीर, नुसती कण्या गाळलेली! तिनेच शेजारणीला नारळाच्या दुधाची युक्ती सांगितली. आज दुकानांत पारवे मलबी नारळाच्या दुधाची मिळते ती मावशीमुळेच, असे म्हणण्याचे धाडस आम्ही करणार नाही, मावशी मात्र करीत असे. आणखी एक गंमत. हिब्रूतही कॉर्नफ्लोरला कॉर्नफ्लोरच म्हणतात. मकोलेतमध्ये पहिल्या दिवशी भाषा येत नसताना जे मोजके शब्द आमच्या कामी आले त्यांत हा एक.

आम्ही आलो त्याच वर्षी, १९७९ मध्ये, श्ट्राउस डेअरीने मिल्की बाजारात आणले. खाली चॉकलेट पुडिंग, वर फेटलेली साय, लहानसा कप. जर्मनीहून १९३६ साली आलेल्या रिखार्ड आणि हिल्दा श्ट्राउस यांनी नाहारियात थोड्या गाईंवर सुरू केलेल्या डेअरीचा हा माल. मुलांनी तो डोक्यावर घेतला. आमच्याही मुलांनी घेतला, खोटे कशाला बोला! आम्ही पाळीवरून थकून येत असू, आणि फ्रिज उघडून कप हातात देणे सोपे होते. पुडिंग करायचे असते ही गोष्टच एका पिढीत पुसली गेली. ते मिळते एवढेच मुलांना ठाऊक. २०१४ साली बर्लिनला गेलेल्या एका इस्राएली तरुणाने तिथल्या दुकानाची पावती सर्वांना दाखवली, तशाच पुडिंगची किंमत तिथे इथल्यापेक्षा कितीतरी कमी होती. त्यावरून देशभर गदारोळ झाला, महागाईच्या चळवळीला मिल्कीचेच नाव पडले. पुडिंगच्या कपासाठी बर्लिनला जायचे का, यावर वर्तमानपत्रे भरली. त्या सगळ्या वादात आम्ही कान देऊन होतो, पण अर्धा लिटर दूध आणि तीन चमचे कॉर्नफ्लोर घेऊन घरी करा, असे म्हणणारा एकही माणूस आमच्या ऐकण्यात आला नाही.

तर कृती सांगतो. अर्धा लिटर दूध घ्यावे. पातेले जाड बुडाचे हवे, पातळ बुडाच्या पातेल्यात हे काम करू नये. कोरड्या पातेल्यात तीन मोठे चमचे कॉर्नफ्लोर, तीन मोठे चमचे कोको, सहा-सात चमचे साखर आणि चिमूटभर मीठ नीट एकजीव करावे. कोको एकटा दुधात भिजत नाही, साखरेच्या कणांनी तो सुटा होतो, म्हणून हे आधी. मग थंड दूध थोडे थोडे घालीत प्रथम दाट लेप करावा आणि नंतर उरलेले दूध ओतावे. आता मध्यम आचेवर ठेवून ढवळत राहावे, चमचा तळाला आणि कोपऱ्यांना लागला पाहिजे. पाच-सात मिनिटे काही घडणार नाही. मग हलव्यासारखाच तो जडपणा एकाएकी येतो. नवशिक्या मुली इथेच गॅस बंद करतात. तसे करू नये. मोठे बुडबुडे फुटू लागल्यावर आच कमी करून आणखी मिनिट-दोन मिनिटे शिजवावे, नाहीतर सत्त्व कच्चे राहते, खडूची चव येते. उतरवल्यावर मात्र फार घोटू नये, फुगलेले कण फुटून पुडिंग सैल पडते. वर साय नको असेल तर गरम असतानाच कागद टेकवून ठेवावा. आमच्या घरी सायीसाठीच भांडण होते, म्हणून आम्ही ठेवीत नाही.

पेसाखला अश्केनाझी घरांत कॉर्नफ्लोर चालत नाही, ते बटाट्याचे सत्त्व घेतात. ते लवकर दाट होते, म्हणून थोडे कमी घालावे आणि जास्त उकळू नये. आपल्यापैकी ज्यांच्याकडे पेसाखला तांदूळ शिजतो त्यांना हा प्रश्न नाही. पण सून अश्केनाझी असेल तर आधी विचारून घ्यावे, हा अनुभवाचा सल्ला.

आता पुन्हा वॉर्डात येऊ. त्या रात्री आम्ही घरी नारळाच्या डब्यातले दूध निम्मे पाणी घालून सारखे केले आणि वरच्याच मापाने, साखर कमी करून, पुडिंग केले. कोको पारवे, कॉर्नफ्लोर पारवे, नारळ पारवे. झाकणाच्या काचेच्या बरणीत भरून फ्रिजमध्ये ठेवले. दुसऱ्या दिवशी आहारतज्ज्ञ बाईंची आणि गिळणे तपासणाऱ्या तज्ज्ञ बाईंची परवानगी घेतली. बरणी उघडली तर काय! वरचा भाग पाण्यासारखा सैल झालेला. निरोगी माणसाने हसून खाल्ले असते, पण या रोग्याला हे दिले असते तर सरळ फुफ्फुसात गेले असते. आमच्या पोटात गोळा आला. तज्ज्ञ बाईंनी एकच प्रश्न विचारला, "चव पाहिलीत का?" पाहिली होती. आणि तोच चमचा पुन्हा बरणीत बुडवला होता. लाळेत सत्त्व पचवणारा रस असतो, तो रात्रभर आपले काम करीत राहिला. इतकी वर्षे नोकरी करून हे आमच्या ध्यानात राहू नये! लाज वाटली. त्या दिवशी आजीबाईंना औषध नळीवाटे द्यावे लागले, आणि त्यांच्या डोळ्यांतून पाणी आले ते आम्ही पाहिले.

त्या रात्री पुन्हा केले. या खेपेस चव पाहिली ती वेगळ्या वाटीत काढून. लहान लहान वाट्यांत भरले, दर वेळेला एक वाटी, दर वाटीला नवा चमचा. तज्ज्ञ बाईंनी चमचा तिरका करून पाहिला. पुडिंग एका गोळ्यात सावकाश घसरले, ठिबकले नाही. त्यांनी मान डोलावली. गोळी कुटून कालवली आणि आम्ही आजीबाईंच्या डाव्या बाजूला, जी बाजू चालत होती तिकडे, बसलो.

"हे कशाचं?"

"नारळाच्या दुधाचं, आजी. दूध नाही त्यात. घरी केलंय."

त्यांनी बराच वेळ आमच्याकडे पाहिले. मग तोंड उघडले. एक चमचा, हनुवटी खाली, गिळले. ठसका नाही. दुसरा. तिसऱ्या चमच्यानंतर त्यांनी हाताने थांबवले. आम्हाला वाटले, झाले. पण त्या जड जिभेने शब्द जुळवीत होत्या.

"वेलची," त्या म्हणाल्या. "वेलची विसरलीस तू."

दुसऱ्या दिवशीच्या वाट्यांत वेलची होती, बारीक वस्त्रगाळ करून, घशात अडकू नये म्हणून. त्या नऊ दिवसांनी घरी गेल्या. लेकीने माप मागितले तेव्हा जवळ कागद नव्हता, म्हणून एका कोऱ्या तापमानाच्या तक्त्यामागे लिहून दिले, आणि सर्वांत वर वेलची लिहिली.